अंधारांत दिसणारे तारे

संगणकावरील खेळ म्हटला कीं घरांतील वडील मंडळींच्या कपाळास आठी पडते, आणि बहुतेक खेळांच्या बाबतींत ती अयोग्य आहे असें आम्हीहि म्हणणार नाहीं. परंतु चित्रकादंबरी म्हणतां येईल असा एक प्रकार जपानांत रूढ आहे, त्याविषयीं आज दोन शब्द लिहावयाचे आहेत. त्यांत धांवाधांव नाहीं, नेमबाजी नाहीं. पडद्यावर चित्र असतें, मजकूर उमटतो, मागें संगीत चालतें आणि पान उलटावें तसा वाचक कळ दाबून पुढें जातो.

'प्लॅनेटेरियन' ही अशीच एक लहानशी कृति. 'की' या जपानी संस्थेनें ती २००४ सालीं काढली. कथा युइची सुझुमोतो यांची. २०१७ सालीं चित्रें अधिक रेखीव करून तिची नवी आवृत्ति निघाली. केवळ चित्रांस उजाळा दिला एवढ्यासाठीं जुनी गोष्ट पुन्हां हातीं घ्यावी काय? या प्रश्नाचें उत्तर त्या कथेंतच आहे.

युद्धानें ओसाड पडलेलें शहर. तीस वर्षें तेथें मनुष्यवस्ती नाहीं. पाऊस मात्र खळत नाहीं. एका मोठ्या दुकानाच्या गच्चीवरील तारांगणांत युमेमी नांवाची यंत्रकन्या प्रेक्षकांची वाट पाहत आहे. वर्षांतून सातच दिवस पुरेल एवढी वीज तिला मिळते. तेवढे दिवस ती जागी होते, स्वागतास उभी राहते, आणि कोणी येत नाहीं. एके दिवशीं भंगार वेंचणारा एक मनुष्य जीव वांचविण्यासाठीं आंत शिरतो. पंचवीस लाखावा प्रेक्षक म्हणून ती त्याचें स्वागत करते; खरा आंकडा त्याहून थोडा कमी आहे, हेंहि पुढें प्रामाणिकपणें सांगते.

कुरकुरत कां होईना, तो बिघडलेलें यंत्र दुरुस्त करतो. घुमटावर तारे उगवतात आणि ऐन रंगांत वीज जाते. तूं सांगत राहा, असें तो तिला विनवितो. मग काळोखांत ती केवळ शब्दांनीं आकाश उभें करते, आणि त्यास तें दिसतें.

नव्या आवृत्तींतील चित्रें कितीहि सुबक असोत, कथेचा हा उत्कट प्रसंग चित्रावांचूनच रंगतो. देवळाच्या ओसरीवर बसून हरिदासांच्या वाणींतून ज्यांनीं लंका पाहिली आहे, त्यांस याचें नवल वाटणार नाहीं.

येथें वाचकास कोणतीच निवड करावयाची नसते. मग यास खेळ कां म्हणावें, अशी शंका रास्त आहे. पण युमेमीचें प्राक्तन आपणांस बदलतां येत नाहीं, घटकाभर तिचें ऐकत बसतां येतें, यांतच सारें मर्म आहे. आपल्याहि माजघरांत तीच गोष्ट पुन्हां सांगावयास श्रोता शोधणारें कोणी वडीलधारें माणूस असतें. त्यास आपण किती वेळ देतों?

इंग्रजी मजकूर उपलब्ध आहे आणि एका-दोन रात्रींत वाचून होतो. शेवट करुण आहे. मुलांच्या हातीं देण्यापूर्वीं मोठ्यांनीं एकदां अवश्य पाहावा.