कॉलेजांत न जाणाऱ्या मुलाची उमेदवारी

महसूल खात्यांत तीस वर्षें कारकुनी केलेल्या माणसास शेतकऱ्याच्या घरची स्थिति त्याच्या तोंडून ऐकावी लागत नाहीं. ती फेरफाराच्या नोंदींत दिसते. एका गटाचा सातबारा मीं नोकरीच्या आरंभीं पाहिला तेव्हां त्यावर एकच खातेदार होता. निवृत्तीच्या वर्षीं त्याच गटावर नऊ नांवें होतीं. १९४७ चा तुकडेबंदीचा कायदा असूनहि घरांतल्या घरांत वाटण्या व्हावयाच्या त्या होतच राहिल्या. नऊ नांवांमागें नऊ चुली, आणि बहुतेक चुलींपाशीं एक तरी मुलगा असा कीं जो दहावी-बारावीपर्यंत गेला, कॉलेजांत गेला नाहीं किंवा जाऊन परत आला, आणि आतां बांधावरहि रमत नाहीं.

माझा भाचा त्यांतलाच. तो बारावीस गणितांत नापास झाला. मीं वडीलकीच्या नात्यानें सल्ला दिला कीं पुन्हां बसावें, पास व्हावें व सरकारी परीक्षांचे अर्ज भरीत राहावें. त्यांत तीन वर्षें गेलीं. मग तालुक्याच्या गांवीं एका संस्थेंत (नांव देण्याचें कारण नाहीं) फी भरून त्यानें वीजकामाचा सहा महिन्यांचा वर्ग केला. प्रमाणपत्र जाड कागदाचें व सोनेरी काठाचें मिळालें. परंतु विहिरीवरील मोटरीचा स्टार्टर उघडावयास सांगितला तेव्हां मुलानें खरें तें सांगितलें, कीं स्टार्टर आम्हांस फळ्यावर काढून दाखविला होता. यांत पहिला दोष माझा होता, दुसरा त्या वर्गाचा. मुलाचा फारसा नव्हता.

काय राहून गेलें याचा विचार करतां मला आमच्या कचेरींतील जुना शब्द आठवला: उमेदवारी. हल्लीं तो निवडणुकीच्या दिवसांतच कानीं पडतो. इंग्रजी अमदानींत मामलेदार कचेरींत बिनपगारी उमेदवार असत. जुन्या कारकुनाशेजारीं बसून ते बारनिशी लिहीत, नकला काढीत. एक नोंद चुकली तर खरा खातेदार खरी तक्रार घेऊन दारांत उभा राही. त्या भीतीनें जें शिक्षण होई तें कोणत्याहि फळ्यानें होत नाहीं. सरकारच्या १९६१ च्या कायद्यांतहि कारखान्यांत शिकणाऱ्यास ‘शिकाऊ उमेदवार’ असेंच म्हटलें आहे, व त्यास विद्यावेतन देणें मालकास भाग आहे. जुन्या उमेदवारीची वाईट बाजू, म्हणजे फुकट राबवून घेणें, कायद्यानें एवढी तरी रोखली.

ही उमेदवारी शिक्षणांतच कालविण्याचें काम आपल्या पुणें जिल्ह्यांत चाळीस वर्षांहून अधिक काळ चाललें आहे. शिरूर तालुक्यांतील पाबळ हें गांव मस्तानीच्या समाधीमुळें पुष्कळांस ठाऊक असेल. पाऊस कमी, जमीन बेताची. तेथें १९८३ सालीं डॉ. श्रीनाथ कलबाग यांनीं विज्ञान आश्रम काढला. ते शास्त्रज्ञ. हिंदुस्थान लीव्हर कंपनीच्या संशोधनशाळेंतील मोठी नोकरी सोडून ते या कोरड्या गांवीं येऊन राहिले. पुण्याच्या इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ एज्युकेशन या संस्थेचें केंद्र म्हणून आश्रम चालूं झाला. शाळेंत मन न लागलेला मुलगा मंद नसतो, त्याचे हात रिकामे ठेवलेले असतात, अशा धोरणानें तेथें काम चालतें. कलबाग २००३ सालीं वारले. आश्रम चालूं आहे.

अभ्यासक्रम एक वर्षाचा व निवासी आहे. पदवी तर नाहींच, दहावीचीहि अट नाहीं. मुलीहि घेतात. विद्यार्थी आळीपाळीनें चार विभागांतून फिरतो. कार्यशाळेंत वेल्डिंग, सुतारकाम व बांधकाम. ऊर्जा विभागांत वीज जोडणी, सौर दिवे, बायोगॅस. शेती व पशुपालनांत मातीची परीक्षा, रोपवाटिका, कोंबड्या. आणि गृह व आरोग्य विभागांत अन्नप्रक्रिया व साध्या तपासण्या. एकच कसब पक्कें कां शिकवीत नाहींत, अशी शंका वाचकांस येईल, मलाहि आली. परंतु खेड्यांत एकाच कसबावर पोट भरेल इतकें गिऱ्हाईक नसतें. जो सकाळीं मोटर पाहील, दुपारीं फाटक जोडील व संध्याकाळीं गोठ्यांतील तार ओढील तो गांवांत टिकेल. शेतकऱ्याचा मुलगा सर्व थोडें थोडें जाणणाराच असतो. आश्रमानें त्या स्वभावास वळण दिलें.

खरी गोष्ट मात्र विषयांच्या यादींत नाहीं. तेथें शिकण्याकरितां म्हणून केलेलें काम मोडून कोपऱ्यांत टाकीत नाहींत. जें करावयाचें तें कोणास तरी हवें असलेलें करावयाचें. पाबळच्या मुलांनीं विद्युत्-रोधमापक यंत्रानें विहिरीसाठीं भूगर्भांतील पाण्याचा शोध घेतला, लोखंडी सांगाड्याचीं घुमटाकार घरें उभीं केलीं. काम हातीं घेण्यापूर्वीं आकृति काढावयाची व खर्चाचा अंदाज बांधावयाचा: माल किती, मजुरी किती, वीज किती. हा शेवटचा धडा आपणां जमीनधारकांसहि जड जाईल. आपल्यापैकीं कितीजण एक एकर कांद्याचा खर्च कागदावर मांडतात? २००२ सालीं अमेरिकेंतील एमआयटी या संस्थेच्या साह्यानें तेथें फॅब लॅब, म्हणजे संगणकानें चालणाऱ्या यंत्रांची कार्यशाळा, निघाली. ज्या मुलांस शाळेनें नापास ठरविलें असेल त्यांच्या हातीं अशीं यंत्रें देणें यास धैर्य लागतें.

आतां पैशाचा प्रश्न. असें शिक्षण फळ्याच्या शिक्षणापेक्षां महाग पडतें, आणि तें फळास येतें याचा पुरावा काय, असें कोणीहि व्यवहारी माणूस विचारील. याचा सर्वांत चोख हिशेब मला सांपडला तो अमेरिकेंतील. बोस्टन शहरांत जेराल्ड चेर्टावियन यांनीं २००० सालीं ‘इयर अप’ नांवाची, नफा न घेणारी संस्था काढली. गरीब घरचीं, पदवी नसलेलीं तरुण मुलें सहा महिने वर्गांत शिकतात व पुढचे सहा महिने कंपनींत उमेदवारी करतात. मुलांस विद्यावेतन असतें. उशीरा आल्यास तें कापलें जातें, आणि वारंवार चुकल्यास जागा जाते. सरकारनें करविलेल्या परीक्षेंत २०१३ व २०१४ सालीं आलेल्या २,५४४ अर्जदारांतून चिठ्ठ्या टाकल्याप्रमाणें कांहींस प्रवेश दिला व कांहींस नाहीं. शिक्षण संपल्यानंतर प्रवेश मिळालेल्यांची कमाई इतरांहून ५३ टक्क्यांनीं अधिक भरली, व अंतर पुढेंहि वर्षानुवर्षें टिकलें. दर मुलामागें खर्च सुमारें २८,००० डॉलर आला. परंतु त्यांतील निम्म्याहून अधिक भार ज्यांनीं उमेदवार घेतले त्या कंपन्यांनीं उचलला. ज्यास काम मिळालें त्यानें दाम दिलें. दानधर्मावर सगळें सोडलें नाहीं.

यांत आपला संबंध असा कीं, आपल्या भागांत त्या कंपन्यांची जागा आपणांस घ्यावी लागेल. मोटर जळाली तर तालुक्याहून माणूस यावयास दोन दिवस लागतात, आणि ऐन मे महिन्यांत ते दोन दिवस ऊंसास भारी पडतात. ठिबकच्या नळ्या, फवारणीचे पंप, सौर पंप, दूध थंड ठेवण्याचीं यंत्रें घरोघर आलीं. तीं दुरुस्त करणारा हात आला नाहीं. दहा-बारा बागाईतदारांनीं मिळून दोन मुलें शिकावयास पाठवावीं, परत आल्यावर वर्षभर आपलें दुरुस्तीचें काम त्यांस द्यावें, व मजुरी रोख द्यावी. "घरचाच पोरगा आहे" म्हणून चहावर बोळवण करावयाची असेल तर ही खटपट मुळींच करूं नये.

ज्यांस चौकशी करावयाची असेल त्यांनीं पाबळास किंवा कोणत्याहि संस्थेंत समारंभाच्या दिवशीं जाऊं नये. कामाच्या दिवशीं जावें. मुलांस विचारावें कीं हें काय करतां, कोणासाठीं करतां व त्याचे किती घेणार. तिन्ही उत्तरें आलीं तर फी भरावी.

माझ्या बहिणीच्या घरीं हा विषय काढला तेव्हां दाजी बराच वेळ बोलले नाहींत. मग म्हणाले, "पाव्हणं, पोराच्या हाताला काळं लागल्यावर सोयरीक कोण आणील?" मीं कांहीं उत्तर दिलें नाहीं, कारण हा प्रश्न खोटा नाहीं. मुलगा मात्र दुसरे दिवशीं एका मेकॅनिकास घेऊन विहिरीवर गेला व त्याच्या शेजारीं बसून स्टार्टर उघडून पाहिला. पाबळचा अर्ज त्यानें भरून ठेवला आहे. त्यावर वडिलांची सही अद्याप व्हावयाची आहे.