पडणाऱ्याला पाहणारे

न्यूयॉर्कजवळच्या कोनी आयलंडच्या किनाऱ्यावर जॉर्ज टिल्यू यांनी १८९७ मध्ये स्टीपलचेस पार्क उघडला. तिथल्या लाकडी घोड्यांच्या शर्यतीतून उतरलेल्या माणसाला पुढे एका रंगमंचावरून जावं लागे. पायाखालून हवेचा झोत येई, टोप्या उडत, झगे फडफडत, विदूषक विजेची काठी टोचत असे. समोरच्या बाकांवर बसून हसत ते थोड्या वेळापूर्वी याच वाटेने आलेले लोक. मूक विनोदी चित्रपटांचं मूळ सर्कस आणि व्हॉडव्हिलच्या रंगभूमीत शोधतात, ते योग्यच आहे. पण त्या वंशावळीत या बाकांनाही जागा हवी. अनोळखी माणसाची फजिती, त्याला इजा होणार नाही या भरवशावर, मनमुराद बघायची सवय तिथे पक्की झाली.

यावर कुणी म्हणेल, चित्रपटवाल्यांना उद्यान म्हणजे आयतं नेपथ्य, बाकी काही नाही. एडिसन कंपनीसाठी एडविन पोर्टर यांनी १९०३ मध्ये केलेल्या चित्रपटापुरता हा आक्षेप मान्य आहे. त्यात एक खेडवळ जोडपं एका खेळण्यावरून दुसऱ्यावर जातं आणि कॅमेरा मागे मागे फिरतो. रॉस्को आर्बकल यांच्या १९१७ च्या 'कोनी आयलंड'मध्ये मात्र चित्र पालटतं. कोनी आयलंडवरच्याच लूना पार्कमधल्या 'विचिंग वेव्ह्ज' या खेळण्यावर धातूची लवचीक जमीन खालच्या यंत्रणेने लाटेसारखी वरखाली होई आणि तिच्यावरून छोट्या गाड्या हेलकावत जात. फिरता दरवाजा शोधून काढणाऱ्या थिओफिलस व्हॅन कॅनेल यांचीच ही कल्पना. ती लाट सगळ्यांना सारखीच हलवते. चित्रपट प्रत्येक हेलकाव्याला कारण देतो. खिशात पैसे नाहीत म्हणून बस्टर कीटन पिंपात लपून आत शिरतो. बायकोला चुकवायला आर्बकल स्वतःला वाळूत पुरून घेतो. पुढे दगडी चेहऱ्यासाठी ओळखला गेलेला कीटन इथे खुशाल हसतो, रडतो, उलटी कोलांटी मारतो. माझ्या लेखी हीच या चित्रपटाची श्रीमंती: यंत्राला जे जमत नाही, ती हाव आणि ते रुसणं, नट आपल्या अंगातून आणतात.

१९२८ च्या 'स्पीडी'मध्ये हॅरॉल्ड लॉइड याच लूना पार्कात नवा सूट घालून येतो, तेव्हा खेळण्यांची गरजही कमी झालेली असते. त्याच्या खिशात एक खेकडा शिरतो, गर्दीतल्या लोकांना चिमटे काढतो, आणि बोलणी लॉइड खातो.