विंध्याची वने आणि खजराण्याची घागर

खजराण्याच्या गणपतीचे दर्शन घेऊन माणूस घरी परततो, नळ सोडतो आणि घागर भरतो. हे पाणी कोठून आले, असा विचार त्याच्या मनात क्वचितच येत असेल. १९७८ पासून इंदूर शहर नर्मदेचे पाणी पीत आहे. मंडलेश्वराजवळ जलूद येथे ते उपसले जाते आणि विंध्य ओलांडून सुमारे ७० किलोमीटरांवरून शहरात येते. पाण्याने उतारावरून खाली यावे, हा निसर्गाचा नियम. आपण मात्र ते विजेच्या बळावर वर चढवितो.

इंदूरच्या दक्षिणेस विंध्याची जी धार आहे, ती पाण्याची वाटणी करते. जानापावच्या डोंगरावर उगम पावणारी चंबळ उत्तरेस यमुनेला मिळते, तर चोरल दक्षिणेस नर्मदेकडे धावते. शहराच्या आग्नेयेस उगम पावणारी क्षिप्रा उज्जयिनीकडे जाते. या उतारांवरील साग, धावडा, सालई, पळस यांचे रान पावसाचा मारा आपल्या अंगावर घेते. गळलेल्या पानांचा थर आणि मुळांनी सच्छिद्र झालेली माती पाणी जिरवून घेते व पुढे कित्येक महिने झऱ्यांच्या वाटे सोडीत राहते. झाडे गेली की तेच पाणी माती घेऊन चार दिवसांत निघून जाते.

क्षिप्रेच्या कोरडेपणामागे हेही एक कारण आहे. रान विरळ झाले; शिवाय शेतोशेतीच्या कूपनलिकांनी भूगर्भातील साठा उपसला. अखेर २०१४ मध्ये नर्मदेचे पाणी सुमारे साडेतीनशे मीटर वर चढवून तिच्या उगमाशी सोडावे लागले. रान जे काम विनामूल्य करीत होते, त्याचे मोल आता विजेच्या देयकात मोजावे लागते.

वन्य प्राण्यांचीही तीच कथा. खजराण्याच्या दक्षिणेस रालामंडलची टेकडी आहे. माथ्यावर होळकरांचे शिकारगृह. आणि १९८९ पासून तेथेच अभयारण्य! चितळ, सांबर, नीलगाय तेथे नांदतात. परंतु हे क्षेत्र अवघे अडीच चौरस किलोमीटरांचे. बिबळ्याला एवढ्यात भागत नाही. त्याला चोरल आणि महूकडील रानापर्यंत वाट हवी. ती रस्त्यांनी व वसाहतींनी तुटली, तर तो वस्तीत शिरणार, यात नवल ते काय?

राहता राहिली माणसे. मोहाची फुले, तेंदूची पाने, डिंक यांवर येथील भिल्ल आणि भिलाला कुटुंबांचे अर्धे वर्ष निघते. त्यांना परके मानून रान राखता येईल, ही समजूत भ्रामक आहे. २००६ च्या वनहक्क कायद्याने ग्रामसभेला वनाच्या उपभोगाबरोबर त्याच्या रक्षणाचाही अधिकार दिला, तो याच जाणिवेतून. ज्याची चूल मोहावर अवलंबून आहे, तो मोहाच्या झाडावर कुऱ्हाड सहसा घालीत नाही.

तेव्हा वनरक्षण हा केवळ वनखात्याचा विषय नव्हे. विंध्यावरचे रान राहिले, तरच खजराण्याची घागर भरत राहील.