सावडल्यानंतर

दापोलीकडे अजूनही बहुतेक घरांत तिसऱ्या दिवशी सकाळी स्मशानात जाऊन सावडतात. निवलेल्या चितेवर दूध-पाणी शिंपडायचे, हाडांचे तुकडे वेचून मडक्यात भरायचे, तोंडाला फडके बांधायचे. मडके घरात आणायचे नाही, म्हणून ते बाहेरच झाडाला टांगतात. राख खाडीत जाते. अस्थी कोणी वेसवीहून फेरीबोटीने बागमांडल्याला उतरून हरिहरेश्वरी नेतो, कोणी नाशिकला रामकुंडावर, तर ऐपत असेल तो प्रयागला.

हाडे पाण्यातच गेली पाहिजेत, हे आपण गृहीत धरतो. जुने गृह्यसूत्र तसे म्हणत नाही. दापोलीत शिकलेल्या पां. वा. काणे यांनी ‘हिस्टरी ऑफ धर्मशास्त्र’च्या चौथ्या खंडात (1953) अंत्येष्टीचा सगळा पसारा मांडला आहे. त्यातलेच एक सूत्र आश्वलायनाचे. अंगठा आणि अनामिकेने एकेक हाड आवाज न करता उचलायचे, आधी पायांकडची, शेवटी डोक्याची. ती सुपाने पाखडून घ्यायची आणि कुंभ खड्ड्यात पुरायचा. खड्ड्याची जागा अशी की पावसाखेरीज चहूकडून वाहते पाणी तिथे येऊ नये. म्हणजे पाण्यापासून जपायचे! हाडे गंगेत असेपर्यंत मृताला स्वर्गवास, हे माहात्म्य महाभारतातल्या तीर्थवर्णनात आणि पुराणांत येते. पुढे तेच रूढ झाले, आणि तीर्थावरच्या व्यवस्थेलाही ते मानवले, असे मला वाटते.

अस्थी जपण्याची दुसरी मोठी परंपरा बौद्धांची. बुद्धाच्या अस्थींचे आठ वाटे झाले आणि त्यांवर स्तूप उभे राहिले, ही कथा सर्वांना ठाऊक आहे. तिचे आधुनिक रूप दापोलीच्या शेजारीच आहे. बाबासाहेब आंबेडकरांचे बालपण काही काळ दापोलीत गेले, त्यांच्या पत्नी रमाबाई तालुक्यातल्याच वणंदच्या. 7 डिसेंबर 1956 रोजी दादर चौपाटीवर बाबासाहेबांवर अंत्यसंस्कार झाले. तिथल्या चैत्यभूमीच्या स्तूपाचे उद्घाटन 5 डिसेंबर 1971 रोजी त्यांच्या सून मीराताई आंबेडकरांच्या हस्ते झाले. मंडणगड तालुक्यातल्या आंबडवे या बाबासाहेबांच्या मूळ गावीही अस्थिकलश आहे. 12 फेब्रुवारी 2022 रोजी राष्ट्रपती रामनाथ कोविंद यांनी तिथे जाऊन अभिवादन केले. अस्थी वाहून गेल्या असत्या, तर आंबडव्याला लोकांनी कशासमोर उभे राहायचे होते?

परदेशी गेलेल्यांची अडचण वेगळी. तिकडच्या दहनगृहांत भट्टीतली हाडे यंत्रात दळून भुकटी करून देतात. सावडायला काही उरतच नाही. दोन-तीन किलोची ती पिशवी विमानाने आणताना मृत्यूचा दाखला, दहनाचा दाखला आणि भारतीय दूतावासाचे ना-हरकत पत्र जवळ असावे. कलश धातूचा नको, लाकडाचा किंवा प्लॅस्टिकचा घ्यावा. क्ष-किरण यंत्राला धातूच्या आतले दिसत नाही आणि सुरक्षारक्षक अडवतात. देशातल्या देशात भारतीय टपाल खात्यानेही स्पीड पोस्टने अस्थी वाराणसी, प्रयागराज, हरिद्वार आणि गयेला पाठवण्याची सोय काढली. पुडक्यावर ठळक अक्षरांत ‘ओम दिव्य दर्शन’ हे संस्थेचे नाव लिहायचे. सोय खरी, पण बापाच्या अस्थी मनीऑर्डरसारख्या पाठवणे मला रुचत नाही.

महाराष्ट्रात अलीकडे अस्थी नदीत न सोडता खड्ड्यात पुरून वर झाड लावणारी कुटुंबे आहेत. कोणी त्याला पाखंड म्हणतात. आश्वलायनाने म्हटले नसते. कोकणाच्या जांभ्या मातीला हे मानवतेही. हाडाची भुकटी म्हणजे मुख्यतः कॅल्शियम फॉस्फेट, ते पाण्यात सहजी विरघळत नाही, पण आम्लधर्मी मातीत हळूहळू झाडाला मिळते. राख मात्र क्षारयुक्त असते. ती मुळांशी ढीग करून टाकली तर कोवळे कलम जळेल. मातीत भरपूर मिसळून, बुंध्यापासून दूर टाकावी.

घरात वडीलधारी माणसे असतील, तर हा विषय त्यांच्याशी आत्ताच बोलून घ्या. खाडी, हरिहरेश्वर की परसातला आंबा, हे त्यांनीच सांगितलेले बरे.