विहीर आणि तारीख

माझी शामाय केपे तालुक्यात राहते, खाणीपासून फार लांब नाही. २०१८ साली सर्वोच्च न्यायालयाने गोव्यातल्या खाणी बंद केल्या, तेव्हा मी शाळेत होते. शेजारचे ट्रकवाले बँकेच्या हप्त्यांच्या काळजीत होते. शामायने मात्र एकच विचारलं, "निकालात आमच्या बांयचं काय?" बांय म्हणजे विहीर. कुणालाच सांगता आलं नाही. या वर्षी मी ते निकाल वाचायला घेतले.

आधी विहीर आटते कशी ते बघू. लोहखनिज काढता काढता खाणीचा खड्डा भूजलाच्या पातळीखाली जातो. गोव्यात काही खड्डे समुद्रसपाटीच्याही खाली गेलेत. मग खड्ड्यात पाणी झिरपत राहतं आणि ते पंपाने उपसत राहावं लागतं. आजूबाजूचं भूजल त्या खड्ड्याकडे वळतं आणि विहिरी रिकाम्या होतात. उपसलेलं तांबडं पाणी ओहळात, तिथून शेतात, आणि भाताच्या मळ्यात गाळ बसतो.

आता कोर्टात काय झालं? पोर्तुगीजांनी दिलेल्या खाणपरवान्यांचं १९८७ च्या कायद्याने लीजमध्ये रूपांतर झालं. गोवा फाउंडेशनच्या याचिकेवर २१ एप्रिल २०१४ ला सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की या लीजांची मुदत २२ नोव्हेंबर २००७ लाच संपली होती, म्हणजे त्यानंतरचं खाणकाम बेकायदा. सरकारने तरीही लीजांचं पुन्हा नूतनीकरण केलं. ७ फेब्रुवारी २०१८ च्या निकालाने अशी ८८ नूतनीकरणं रद्द झाली : नव्याने लीज द्यायला हवं होतं, नव्याने पर्यावरण दाखला घ्यायला हवा होता.

पर्यावरणाचा विचार झालाच नाही असं नाही हां. वर्षाला २ कोटी टनांची तात्पुरती मर्यादा २०१४ च्या निकालातलीच. अभयारण्यापासून १ किलोमीटरच्या आत खाणीला लीज नाही, हेही त्यातच. पण खाणी थांबल्या त्या मुख्यतः मुदत आणि दाखले या कागदांवर. शामायच्या विहिरीवर तो निकाल ठरलाच नव्हता.

वेगळं घडू शकतं का? घडलंय. १९८३ साली देहरादूनच्या एका संस्थेने मसुरीच्या डोंगरातल्या चुनखडीच्या खाणींबद्दल सर्वोच्च न्यायालयाला पत्र लिहिलं, आणि न्यायालयाने त्या पत्रालाच याचिका मानलं. मग तज्ज्ञांची समिती डोंगरावर पाठवली. कोणती खाण किती घातक, याची वर्गवारी झाली आणि मार्च १९८५ मध्ये सर्वांत घातक खाणी बंद करण्याचा आदेश निघाला. तिथे प्रश्न डोंगराचा होता आणि उत्तरही डोंगर बघून दिलं गेलं. बेकार होणाऱ्या मजुरांना वनीकरणाच्या कामात घ्यावं, असंही न्यायालयाने सुचवलं. आमच्या ट्रकवाल्या शेजाऱ्यांची आठवण मला इथे झाली.

मग गोव्यात तारखेवर का लढावं लागलं? मला वाटतं, तारीख सिद्ध करणं सोपं असतं. विहीर खाणीमुळे आटली की पाऊस कमी पडल्यामुळे, असं समोरचा वकील विचारतो, आणि गावाकडे वीस वर्षांपूर्वीच्या पातळीची नोंद नसते. शामायची साक्ष म्हणजे "पूर्वी चार वाव दोर पुरायचा, मग सहा लागायला लागला". कोर्टात याला किती वजन?

म्हणून जनसुनावणी महत्त्वाची. २००६ च्या अधिसूचनेनुसार मोठ्या खाणीला पर्यावरण दाखला देण्याआधी ती बहुतेक वेळा घ्यावी लागते. तिथे गावकरी जे बोलतात ते इतिवृत्तात लिहिलं जातं, आणि पुढे दाखल्याला आव्हान द्यायचं झालं तर राष्ट्रीय हरित लवादापुढे हाच कागद ठेवता येतो. लिलाव होऊन गोव्यात खाणी परत सुरू होतायत, तेव्हा या सुनावण्या पुन्हा होणारच.

शामायला हे सगळं समजावलं. तिने माझ्या जुन्या वहीची कोरी पानं मागून घेतली. आता दर महिन्याच्या पहिल्या आयताराला मिसाहून आल्यावर ती दोर सोडते आणि लिहून ठेवते. गेल्या मार्चची नोंद : पावणेसहा वाव.