दाखल न झालेल्या अर्जांची हकीकत

जोतीराव फुले यांनी 1873 साली ‘गुलामगिरी’ हे आपले पुस्तक गुलामांची मुक्तता घडवून आणणाऱ्या अमेरिकेतील सज्जनांना अर्पण केले, तेव्हापासून त्या दूरदेशीच्या दास्यविमोचनाची वार्ता मराठी वाचकास ठाऊक आहे. मात्र ती आपल्या मनात बहुधा लिंकन आणि चार वर्षांची यादवी एवढ्यापाशीच येऊन थांबते. तोफा सुटण्याच्या पंचवीस वर्षे आधीपासून वॉशिंग्टनच्या प्रतिनिधिगृहात जो तंटा चालला होता, तो गुलामगिरी ठेवावी की काढावी याचा नव्हे, तर तिच्याविषयी आलेला कागद सभागृहाने हाती घ्यावा की न घ्यावा एवढ्याचाच होता, आणि माझ्या मते पुढील सर्व अनर्थाचे व सर्व पुण्याचे बीज त्या क्षुल्लक दिसणाऱ्या तंट्यात आहे.

अर्ज करण्याचा हक्क हा वस्तुतः हक्कांमधील सर्वांत गरीब हक्क. राजेशाहीतदेखील रयतेतील अगदी खालच्या माणसास हुजुरांच्या पायांशी आपली कैफियत मांडता येत असे. ती ऐकणे वा फेटाळणे हुजुरांच्या मर्जीवर, परंतु ती मांडली म्हणून कोणी कोणाची जीभ धरीत नसे. इंग्लंडकडून वारशाने आलेला हा हक्क अमेरिकेच्या राज्यघटनेत 1791 च्या पहिल्या दुरुस्तीने लेखी झाला. त्याच्या आदल्याच वर्षी, मृत्यूला अवघे दोन महिने उरले असताना, वृद्ध बेंजामिन फ्रँकलिन यांनी पेनसिल्व्हेनियाच्या दास्यनिवारक मंडळीचे अध्यक्ष या नात्याने पहिल्या काँग्रेसकडे गुलामगिरीविरुद्धचा अर्ज पाठविला होता. त्यावर वाद झाला, समिती बसली, आणि राज्याराज्यांतील गुलामांच्या मुक्ततेत हात घालण्याचा अधिकार काँग्रेसला नाही असा निर्वाळा मिळाला. निकाल विरुद्ध गेला, तरी अर्ज वाचला गेला होता.

पण अर्जदार कृष्णवर्णी असला म्हणजे एवढेही सौजन्य आटत असे. 1797 च्या जानेवारीत नॉर्थ कॅरोलायनातून पळून फिलाडेल्फियास आलेल्या चौघा मुक्त पुरुषांनी अर्ज केला की, धन्यांनी स्वखुशीने सोडलेले असतानाही त्या राज्याचा कायदा आम्हांस पुन्हा धरून विकू पाहतो, तरी आमचा विचार व्हावा. प्रतिनिधिगृहाने तो अर्ज 33 विरुद्ध 50 मतांनी घेण्याचेच नाकारले. तीनच वर्षांनी अ‍ॅबसलम जोन्स व फिलाडेल्फियातील त्यांचे कृष्णवर्णी सहनागरिक पुन्हा अर्ज घेऊन आले, तेव्हा काँग्रेसच्या अधिकाराबाहेरच्या अशा मागण्यांना मुळीच उत्तेजन देऊ नये या ठरावाच्या बाजूने 85 सभासद उभे राहिले आणि विरुद्ध एकटे मॅसॅच्युसेट्सचे जॉर्ज थॅचर. त्या एका मताची आठवण इतिहासकारांनी ठेवली आहे. ती ठेवावी अशीच आहे.

पुढची तीस वर्षे अधूनमधून येणाऱ्या अर्जांचा फारसा गवगवा झाला नाही. 1833 मध्ये अमेरिकन दास्यविरोधी संस्था स्थापन झाली आणि हे चित्र पालटले. राजधानीचा कोलंबिया जिल्हा कोणत्याही राज्याचा नव्हता, तेथील कायदे करण्याचा संपूर्ण अधिकार काँग्रेसचा. म्हणून राज्यांच्या हक्कांची सबब जेथे चालत नाही अशा त्या जागेवर संस्थेच्या चाणाक्ष लोकांनी बोट ठेवले. अर्जाचे छापील नमुने गावोगाव गेले. सह्यांसाठी खाली कागद जोडीत जायचे, आणि पुष्कळ अर्जांत सह्यांचे दोन रकाने आखलेले असत : एक मतदार पुरुषांचा, दुसरा स्त्रियांचा. हे दुसरे रकाने पहिल्यांना अनेकदा मागे टाकीत. कारण उघड होते. मत नाही, न्यायपंचायतीत जागा नाही, लग्न झाल्यावर स्वतःच्या मिळकतीवर ताबा नाही, अशा बाईला राज्यकारभारात शिरण्याची हीच काय ती एक फट होती. टोपीची फीत नीट बांधून, कागद बगलेत घेऊन ती शेजारणीच्या दारात उभी राही, नकार ऐके, कधी अपमान ऐके, आणि पुढच्या दाराकडे वळे. अर्जाच्या मजकुरात तिने काँग्रेसच्या सभासदांना पितृस्थानी मानून कितीही नम्रता ओतलेली असो, दहा घरी स्वतःच्या पायांनी हिंडून गुलामगिरी या विषयावर परक्या माणसांशी वाद घातलेली स्त्री पूर्वीची राहत नाही, ही गोष्ट दक्षिणेतील मुत्सद्द्यांनी उत्तरेतील कित्येक शहाण्यांच्या आधी ओळखली होती.

या कागदांच्या पुरावर त्यांनी जो बंधारा घातला तो 26 मे 1836 चा ठराव. साउथ कॅरोलायनाचे हेन्री पिंकनी यांच्या समितीने सुचविल्याप्रमाणे गुलामगिरीविषयक प्रत्येक अर्ज न छापता, समितीकडे न पाठविता, त्यावर काहीही न करता बाजूस टाकावा असे 68 विरुद्ध 117 मतांनी ठरले. मतदानात जॉन क्विन्सी अ‍ॅडम्स यांचे नाव पुकारले गेले, तेव्हा हो किंवा नाही म्हणण्याऐवजी त्यांनी गलका चालू असतानाच सांगितले की, हा ठराव राज्यघटनेचा, सभागृहाच्या नियमांचा आणि माझ्या मतदारांच्या हक्कांचा सरळ भंग आहे. राष्ट्राध्यक्षपद भोगून झाल्यावर पुन्हा साधा प्रतिनिधी म्हणून येऊन बसलेला हा चिडखोर, विद्वान, रोजनिशीत स्वतःलाही न सोडणारा म्हातारा काही दास्यविमोचक पंथाचा अनुयायी नव्हता. कोलंबिया जिल्ह्यातील गुलामगिरी तत्काळ काढण्यास आपण मत देणार नाही असेही तो स्पष्ट म्हणे. त्याचा आग्रह एवढाच, की अर्ज मान्य करा वा अमान्य करा, पण तो घ्या. हा मर्यादित आग्रहच त्याचे बळ ठरला, कारण ज्यांना कृष्णवर्णीयांविषयी कवडीचे प्रेम नव्हते अशा उत्तरेतील हजारो लोकांना आपला स्वतःचा हक्क हिरावला जात आहे हे त्यामुळे समजले.

6 फेब्रुवारी 1837 चा दिवस मुळातून वाचण्याजोगा आहे. अ‍ॅडम्स यांनी प्रथम व्हर्जिनियातील फ्रेडरिक्सबर्गच्या नऊ स्त्रियांचा अर्ज सादर केला. तेथील प्रतिनिधीने उठून त्यांपैकी एकीचे नाव आपण ओळखतो, ती मिश्रवर्णी असून तिची कीर्ती चांगली नाही, असे ऐकविले. त्यावर अ‍ॅडम्स यांनी, त्या बदनाम असतील तर त्यांना बदनाम कोणी केले, त्यांच्या धन्यांनीच ना, असा सवाल टाकला. मग त्यांनी आणखी एक कागद हाती धरला आणि सभापती जेम्स पोक यांना विचारले की, 22 गुलामांनी केलेला हा अर्ज वरील नियमात बसतो काय. सभागृह पेटले. कोणी म्हणाले अर्ज जाळा, कोणी म्हणाले अ‍ॅडम्सवर निषेधाचा ठराव आणा, आणि साउथ कॅरोलायनाच्या वॉडी टॉम्पसन यांनी तर फौजदारी खटल्याची भीती घातली. सर्वांचे ओरडून झाल्यावर म्हाताऱ्याने हळूच सांगितले की, अर्जात काय आहे हे कोणी विचारलेच नाही. या गुलामांची विनंती गुलामगिरी काढू नये अशी आहे! खोडसाळपणा खराच, परंतु त्याने प्रश्नाचे कवच फोडून आतला गर बाहेर काढला : आक्षेप मागणीला नव्हता, मागणाऱ्याला होता. चार-पाच दिवसांच्या वादानंतर निषेधाचे सर्व ठराव कोसळले, पण गुलामांना अर्ज करण्याचा हक्क नाही, असे सभागृहाने 18 विरुद्ध 162 मतांनी नमूद करून ठेवले.

बंधाऱ्याने पूर वाढतो. त्यानंतर सह्यांची संख्या लाखांवर गेली, आणि 1840 च्या जानेवारीत नियम आणखी कडक होऊन असे अर्ज घेऊच नयेत असे ठरले. मात्र या वेळी फरक अवघा सहा मतांचा होता, 114 विरुद्ध 108. दोन वर्षांनी मॅसॅच्युसेट्समधील हेव्हरहिल गावच्या 46 नागरिकांनी हे संयुक्त राज्यच शांततेने मोडावे असा अर्ज धाडला, आणि तो मान्य का करता येत नाही याची कारणे समितीने अर्जदारांना कळवावीत अशी सूचना करीत अ‍ॅडम्स यांनी तो मांडला. राजद्रोहाची भाषा करीत निषेधाचा ठराव आला. चौऱ्याहत्तर वर्षांच्या आरोपीने स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्याचा आरंभ कारकुनाकडून वाचवून घेतला व बचाव सुरू केला. थिओडोर वेल्ड यांच्यासारखा दास्यविरोधी कार्यकर्ता ग्रंथांतून पुरावे शोधून त्यांना पुरवीत होता. दोन आठवड्यांत फिर्यादीच थकले आणि प्रकरण बासनात गेले. त्याच वर्षी बॉस्टनमध्ये जॉर्ज लॅटिमर हा व्हर्जिनियातून पळालेला तरुण पकडला गेला, तेव्हा मॅसॅच्युसेट्सच्या विधिमंडळाकडे 64,526 सह्यांचा अर्ज गेला आणि 1843 मध्ये राज्याच्या अधिकाऱ्यांनी असल्या धरपकडीत हात घालू नये असा कायदा झाला. काँग्रेसकडे नेलेला तशाच मागणीचा 51,863 सह्यांचा अर्ज अ‍ॅडम्स यांच्या मेजावर नुसता पडून राहिला. अखेर 3 डिसेंबर 1844 रोजी 80 विरुद्ध 108 मतांनी तो नियम उठला.

या विजयाची गोडी फार वाढवून सांगण्यात अर्थ नाही. अर्ज येऊ लागले तरी गुलामगिरी होती तेथेच होती. पेनसिल्व्हेनियाने 1838 च्या घटनेने मुक्त कृष्णवर्णीयांचा मताधिकार काढून घेतला होता, आणि 1857 मध्ये सरन्यायाधीश रॉजर टॉनी यांनी ड्रेड स्कॉट खटल्यात आफ्रिकी वंशाचा मनुष्य या देशाचा नागरिक होऊच शकत नाही असा निवाडा दिला. 1797 मध्ये चौघांचा अर्ज परत करताना जे स्वच्छ शब्दांत बोलले गेले नव्हते, तेच साठ वर्षांनी न्यायासनावरून बोलले गेले, एवढेच.

मग युद्ध आले, दक्षिणेचे प्रतिनिधी उठून गेले, आणि 16 एप्रिल 1862 रोजी कोलंबिया जिल्ह्यातील सुमारे तीन हजार गुलाम कायद्याने मुक्त झाले. नुकसानभरपाई मात्र धन्यांना, माणशी सरासरी 300 डॉलरपर्यंत. त्यासाठी धन्याने आयुक्तांकडे अर्ज करायचा, गुलामाचे नाव, वय, वर्ण व मालकी कशी आली ते लिहायचे. काही धन्यांनी, विशेषतः बंडखोरांच्या पक्षाला मिळालेल्यांनी, अर्जच केले नाहीत, आणि त्यांचे गुलाम दप्तरात नोंदल्यावाचून राहिले. म्हणून 12 जुलै 1862 रोजी पुरवणी कायदा झाला : धन्याने अर्ज केला नसेल तर गुलामाने आपला अर्ज स्वतः करावा, आणि त्याच्या चौकशीत कोणाही साक्षीदाराची जबानी केवळ वर्णामुळे नाकारली जाऊ नये.