ग्रॅच्युइटी उशिरा मिळाली? मग व्याज मागा

मेहकर असो, मलकापूर असो की खुद्द बुलढाणा, निवृत्त मंडळी जमली की एक वाक्य हमखास कानावर येतं: "ग्रॅच्युइटी मिळाली हेच नशीब समजा. सरकार कधी व्याज देतं का?" सांगणारा बहुधा एखाद्या कार्यालयातला जुना, जाणता लिपिक असतो, म्हणून ऐकणाराही मान डोलावतो. वर्षभर खेटे घालून रक्कम एकदाची खात्यात पडली की तो पेढे वाटून मोकळा होतो. व्याजाचा अर्ज राहूनच जातो.

सरकार व्याज देतं, आणि तसं सरकारनेच लिहून ठेवलं आहे. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, 1982 यांतला नियम 129-अ काढून वाचा. निवृत्तीनंतर 3 महिन्यांत उपदान, म्हणजे आपली ग्रॅच्युइटी, मिळालं नाही आणि उशीर प्रशासकीय दिरंगाईमुळे झाला असेल, तर 3 महिन्यांपुढच्या काळासाठी भविष्य निर्वाह निधीच्या दराने व्याज द्यायचं आहे. पेन्शनच उशिरा सुरू झाली तर नियम 129-ब आहे. तिथे मुदत 6 महिन्यांची.

ही रक्कम किरकोळ नसते. 14 लाखांची ग्रॅच्युइटी 15 महिन्यांनी हाती आली, तर पहिले 3 महिने सोडून 12 महिन्यांचं व्याज 7.1 टक्क्यांनी 99,400 रुपये होतं. एवढ्यावर कुणी पाणी सोडतं का?

याच नियमात आणखी एक तरतूद आहे: व्याज मंजूर झालं की उशिराला जबाबदार कोण ते ठरवून त्याच्यावर शिस्तभंगाची कारवाई करायची. आपल्या कार्यालयांना हा नियम एरवी का आठवत नाही, हे आता वेगळं सांगायला नको.

दुसरं ठरलेलं उत्तर म्हणजे, "आमच्याकडून प्रकरण गेलं, नागपूरला अडकलंय." विदर्भातल्या राज्य कर्मचाऱ्यांची पेन्शन प्रकरणं नागपूरच्या महालेखाकार कार्यालयात जातात, हे खरं. पण तिथून ती परत का येतात? सेवापुस्तकात नोंद नाही, वेतन पडताळणी बाकी आहे, एखादी वेतननिश्चिती चुकलेली आहे. ही सगळी कामं कार्यालयाने निवृत्तीआधीच उरकायची असतात. नियमांनी त्यासाठी दोन वर्षं आधीपासूनचा वेळ दिलेला आहे. फाइल अमरावतीच्या पडताळणी पथकाच्या टेबलावर होती की बुलढाण्यातल्या कपाटात, हा निवृत्ताचा प्रश्न नव्हे. त्याच्या लेखी सरकार एकच.

उशीर तुमच्यामुळे झाला असेल, नमुने वेळेवर भरून दिले नसतील, तर मात्र व्याज नाही. म्हणून दिलेल्या प्रत्येक कागदाची तारखेसह पोच जपा.

"नियम कागदावरच असतात" म्हणणाऱ्यांसाठी न्यायालयं आहेत. केरळ राज्य विरुद्ध पद्मनाभन नायर या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 1984 मध्येच सांगितलं, की पेन्शन आणि ग्रॅच्युइटी ही मेहेरबानी नाही आणि दोषी दिरंगाईची किंमत सरकारने बाजारदराच्या व्याजाने मोजावी. 2008 च्या एस. के. दुआ प्रकरणात तर नियम नसला तरी राज्यघटनेच्या आधारे व्याज मागता येतं, असं त्याच न्यायालयाने म्हटलं.

असेच आणखी काही समज ऐकू येतात. "साधी तक्रार असली तरी ग्रॅच्युइटी रोखतात." रोखत असतील, पण चुकीचं आहे. विभागीय चौकशी सुरू झाली असं धरायला दोषारोपपत्र बजावलेलं किंवा आधीपासून निलंबन असावं लागतं. तसं खरोखर असेल, तर मात्र निकाल लागेपर्यंत उपदान थांबतं.

"जास्तीचा पगार दिला गेला म्हणून ग्रॅच्युइटीतून कापणारच." चूक कार्यालयाची असेल, तर वर्ग 3 व 4 च्या आणि निवृत्त कर्मचाऱ्यांकडून अशी वसुली करता येत नाही, रफिक मसीह निकाल, 2014.

"2005 नंतर लागलेल्यांना ग्रॅच्युइटीच नाही." मार्च 2023 च्या शासन निर्णयाने ती लागू झाली आहे.

"एसटीवाल्यांनाही हेच नियम." नाही. त्यांना नोव्हेंबर 2025 पर्यंत 1972 चा उपदान कायदा लागू होता. त्यात मुदत 30 दिवसांची आणि व्याज साधं 10 टक्के होतं.

व्याजाचा अर्ज साधाच करायचा: निवृत्तीची तारीख, रक्कम मिळाल्याची तारीख, नियमाचा क्रमांक आणि मागणी. तो कार्यालयप्रमुखामार्फत आपल्या प्रशासकीय विभागाला द्या. 6 महिन्यांत उत्तर आलं नाही, तर त्यापुढच्या एका वर्षात राज्य कर्मचाऱ्याने प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या (मॅटच्या) नागपूर खंडपीठाकडे जावं. जिल्हा परिषदेच्या शिक्षक-कर्मचाऱ्यांची दाद मॅटमध्ये लागत नाही. त्यांना उच्च न्यायालयाचं नागपूर खंडपीठ गाठावं लागतं.